खानदेशांतील जमिनीचा वारसा : नोंद, हक्क आणि मृत्युपत्र

घरांतील कर्ता पुरुष निवर्तला, तेरावा उरकला, पाहुणे आपापल्या गांवीं परतले, कीं शेतकऱ्याच्या ओसरीवर पहिला प्रश्न निघतो तो हा : 'उताऱ्यावर आतां नांव कोणाचें लागणार ?' जळगांवकडील केळीच्या मळ्यांत असो कीं धुळ्याकडील कोरडवाहू शिवारांत असो, या एका प्रश्नावर सख्खे भाऊ एकमेकांशीं बोलेनासे होतात, बहिणीचें माहेर तुटतें आणि दोन पिढ्यांची कमाई कोर्टाच्या पायऱ्यांवर संपते. या सर्व भांडणांच्या बुडाशीं एक समजूत आहे. ज्याचें नांव उताऱ्यावर, त्याची जमीन, असें लोक धरून चालतात. ही समजूत जितकी सार्वत्रिक आहे तितकीच ती चुकीची आहे. ती रुजली कशी, आणि तिच्या जोडीला मृत्युपत्राचा कागद कधीं आला, हें समजण्यासाठीं दोनअडीचशें वर्षें मागें गेलें पाहिजे.

पेशवाईच्या काळीं जमिनीच्या व वतनाच्या हक्काचा निवाडा गांवकऱ्यांसमोर होत असे. वाद उभा राहिला म्हणजे गोतसभा बसे. तींत पाटील, कुलकर्णी, देशमुख, देशपांडे, बलुतेदार आणि शेजारच्या गांवांतील जाणते लोक जमत. ज्यानें त्यानें आपली करीणा सांगावी, जुने कागद दाखवावे, साक्षी द्याव्या आणि सभेनें निर्णय देऊन महजर करावा, अशी रीत होती. महजरावर सह्या कमी आणि निशाण्या फार. पाटलानें व कुणब्यानें नांगर काढावा, इतरांनीं आपापल्या धंद्याचें हत्यार काढावें, म्हणजे ती त्यांची सही झाली. साक्षीपुराव्यानें निकाल लागेना, तर क्वचित् दिव्याचा मार्ग धरीत. उकळत्या तेलांतून धातूचा तुकडा काढणें हा त्यांतलाच प्रकार. आज हें ऐकून अंगावर कांटा येतो. परंतु त्या पद्धतीचा एक गुण विसरतां येत नाहीं. हक्क कोणाचा हें गांवाच्या स्मरणांत राही, आणि कागद हा त्या स्मरणाचा केवळ पुरावा असे. इतिहासाचार्य विश्वनाथ काशीनाथ राजवाडे यांनीं गांवोगांव हिंडून जमविलेल्या दप्तरांत अशा निवाडपत्रांचा मोठा भरणा आहे. त्यांचा अंत ३१ डिसेंबर १९२६ रोजीं धुळ्यासच झाला, आणि त्यांच्या नांवानें तेथें निघालेल्या संशोधन मंडळानें तो ठेवा जतन केला. ते रुमाल सोडून पाहणाऱ्यास कळतें कीं, भाऊबंदकी हा आजचा रोग नाहीं.

मात्र त्या जुन्या कागदांत एक गोष्ट सहसा आढळत नाहीं, ती म्हणजे मृत्युपत्र. धर्मशास्त्रानें दान सांगितलें, हयातींतील वांटणी सांगितली, दत्तक सांगितला. पण मेल्यानंतर आपली जमीन कोणीं खावी हें मरणाऱ्यानें एका कागदावर ठरवावें, ही कल्पना शास्त्रकारांच्या मनांत नव्हती. एकत्र कुटुंबांतील पुरुष मेला कीं त्याचा हिस्सा उरलेल्या पुरुषांत मुरून जाई. वेगळ्या निघालेल्या निपुत्रिकाचा वारस मात्र शास्त्रावरून ठरे, आणि येथें खानदेशचें एक वैशिष्ट्य आहे. महाराष्ट्रांत सामान्यतः मिताक्षरेचें वचन श्रेष्ठ. परंतु पुणें, अहमदनगर आणि खानदेश या भागांत नीळकंठ भट्टाच्या 'व्यवहारमयूखा'लाही जवळजवळ तितकेंच प्रामाण्य आहे, असें इंग्रजी अमदानींतील न्यायालयांनीं मानलें. मयूखानें बहिणीला वारसांत मानाची जागा दिली आहे. शिवाय मुंबई इलाख्यांत मुलीला किंवा बहिणीला वारशानें आलेली जमीन पूर्ण मालकीची ठरे. इतर प्रांतांतील मुलीप्रमाणें ती हयातीपुरती नसे. विधवेचा हक्क तेवढा हयातीपुरता. म्हणजे मुलीबाळींना जमिनींत कधींच थारा नव्हता, असें जें सरसकट म्हटलें जातें, तें या प्रांतापुरतें तरी खरें नाहीं.

१८१८ सालीं पेशवाई बुडाली आणि खानदेश इंग्रजांकडे आला. होळकरी फौजांची लूट आणि १८०३-०४ चा दुष्काळ यांनीं मुलूख ओसाड पडला होता. जमीन मुबलक आणि कसणारा हात थोडा, अशी स्थिति होती. कॅप्टन जॉन ब्रिग्ज यानें धुळ्यास ठाणें करून कारभार सुरू केला, तेव्हां सरकारला चिंता होती ती जमीन कोण कसतो आणि सारा कोण भरतो याची. मालक कोण, ही चिंता नव्हे. माउंटस्टुअर्ट एल्फिन्स्टन याच्या कारकीर्दींत १८२७ चे कायदे झाले. त्यांत दिवाणी वादांत देशाची वहिवाट आणि पक्षकाराचा स्वतःचा कायदा पाहावा, असें ठरलें. वारस दाखल्याचा कायदाही त्याच सालचा. लोकांच्या चालीरीति काय आहेत हें कळावें म्हणून आर्थर स्टील यानें शास्त्री, पंडित आणि जातीजातींचे पुढारी यांना विचारून केलेला संग्रह त्याच वर्षीं प्रसिद्ध झाला. हेतु चांगला होता. पण गोतसभा हळूहळू मावळली, आणि गांवाच्या स्मरणाची जागा सरकारी दप्तरानें घेतली.

दप्तर खरें बदललें तें मोजणीनें. शेताशेताला नंबर पडला, हद्दीवर दगड उभे राहिले, जमिनीची प्रत आण्यांत ठरली आणि प्रत्येक नंबरासमोर साऱ्याला जबाबदार अशा एका खातेदाराचें नांव चढलें. लोकांना हें मुळींच रुचलें नाहीं. १८५२ सालीं सावदें, रावेर, चोपडें या बाजूस मोजणीविरुद्ध हजारों शेतकरी जमले, आणि सरकारला फौज आणून तो दंगा मोडावा लागला. सारा वाढेल ही भीति त्यामागें होती. परंतु जो दप्तर लिहील तो उद्यां शेताचें दैव लिहील, असाही एक अंदाज त्या अडाणी म्हणविल्या गेलेल्या माणसांच्या मनांत नसेलच असें नाहीं.

पुढील दहा-पंधरा वर्षांत तो अंदाज खरा ठरला. १८६० नंतर लोहमार्ग भुसावळ-जळगांवकडे आला. अमेरिकेंतील यादवीमुळें १८६१ ते १८६५ या काळांत खानदेशच्या कापसाला सोन्याचा भाव मिळाला. जी जमीन पूर्वीं कोणी फुकट घेत नव्हता तिला किंमत आली, ती गहाण पडूं लागली, विकली जाऊं लागली. किंमत आली तेथें वादही आलाच. आणि वादांत प्रत्येकजण धांवला तो मोजणीच्या दप्तराकडे. पण तें दप्तर साऱ्यासाठीं लिहिलेलें. चार भावांच्या जमिनीवर थोरल्याचें एकट्याचें नांव. कारण पाटील-कुलकर्ण्याला सारा एकाकडून घेणें सोयीचें. थोरला मरे, त्याच्या मुलाचें नांव लागे, आणि तिसऱ्या पिढींत धाकट्यांचीं नातवंडें 'आमचाही हिस्सा आहे' म्हणत उभीं राहिलीं, कीं त्यांना विचारीत, 'कागद कोठें आहे ?'

ही उणीव दूर करण्यासाठीं १९०३ सालीं मुंबई सरकारनें हक्कनोंदणीचा कायदा केला, आणि १९१३ सालीं तो १८७९ च्या जमीन महसूल कायद्यांत समाविष्ट झाला. आतां फक्त खातेदारच नव्हे, तर गहाणदार, हिस्सेदार, कूळ, ज्याचा ज्याचा जमिनीशीं संबंध त्याचें नांव गांवच्या दप्तरांत यावें, असें ठरलें. फेरफाराची नोंद गांव नमुना सहांत, वारसांची नोंद सहा-क मध्यें, तक्रारींची सहा-अ मध्यें. हक्काचा नमुना सातवा आणि पिकाचा बारावा. या शेवटच्या दोघांच्या जोडीला लोकांनीं 'सातबारा' हें नांव दिलें, आणि तें इतकें रूढ झालें कीं आज तें शेतीचेंच दुसरें नांव आहे. १९६६ च्या महाराष्ट्र जमीन महसूल संहितेनेंही हीच घडी कायम ठेवली. वारसानें तीन महिन्यांच्या आंत तलाठ्याकडे वर्दी द्यावी, तलाठ्यानें फेरफार लिहून संबंधितांना नोटीस काढावी, हरकत आल्यास चौकशी व्हावी आणि मंडळ अधिकाऱ्यानें नोंद प्रमाणित करावी, असा तिचा क्रम आहे.

कायदा चांगला, पण घराची रीत कायद्याहून बळकट. भाऊ एकत्र नांदत असले म्हणजे उताऱ्यावर थोरल्याच्या नांवापुढें 'ए. कु. मॅ.' अशीं अक्षरें घालीत. एकत्र कुटुंबाचा मॅनेजर, हा त्याचा अर्थ. तीं तीन अक्षरें म्हणजे धाकट्या भावांचा, आईचा, बहिणींचा सारा हक्क ! उतारा नवा लिहितांना तीं गळलीं, किंवा थोरल्याच्या पश्चात् त्याच्याच मुलांचीं नांवें वारस म्हणून लागलीं, कीं बाकीचे सगळे कागदावरून नाहींसे झाले. विहिरीवरील पाळीचीही तीच गत. इतर हक्कांच्या रकान्यांत ती लिहिलेली नसली, तर बापानें खोदलेल्या विहिरीचें पाणी मुलाला मिळेनासें होतें.

येथेंच मूळ समजुतीचा उलगडा होतो. उताऱ्यावरील नोंद खरी आहे असें कायदा धरून चालतो, पण केवळ उलट पुरावा येईपर्यंत. सारा कोणाकडून घ्यावा यासाठीं ती नोंद आहे. तिनें मालकी निर्माण होत नाहीं, आणि ती काढली म्हणून मालकी नष्टही होत नाहीं. सर्वोच्च न्यायालयानें हें अनेकवार सांगितलें आहे. मृत्युपत्राच्या आधारें नांव लावण्यास हरकत आली, तर महसूल अधिकाऱ्यानें त्या कागदाचा खरेखोटेपणा ठरवावयाचा नसून दिवाणी न्यायालयाकडेच गेलें पाहिजे, असें त्यानें २०२१ सालीं पुन्हां बजावलें. मग उतारा निरुपयोगी कां ? तसेंही नाहीं. ज्याचें नांव आहे त्याला कर्ज मिळतें, नुकसानभरपाई मिळते, गिऱ्हाईक मिळतें. ज्याचें नाहीं त्याला कोर्टांत जावें लागतें. हक्क दोघांचा सारखा असला तरी खर्च आणि कालहरण एकाच्याच वांट्याला येतें. नांव गाळण्यांत जो लाभ आहे तो हाच.

आतां मृत्युपत्राकडे वळावें. इंग्रजी अमदानींत हिंदूंचें मृत्युपत्र न्यायालयांनीं मान्य केलें. १८७० चा कायदा मुंबई शहरापुरता होता. खानदेशासारख्या मुफसल भागांत हिंदूचें तोंडी मृत्युपत्रही चालत असे. मरणाच्या खाटेभोंवतीं बसलेल्या चौघांनीं 'म्हातारा असें बोलला' म्हणून सांगावें, आणि त्यावर शेतांचा निकाल लागावा ! या गोंधळाला १ जानेवारी १९२७ पासून आळा बसला. त्या दिवसापासून हिंदूचें प्रत्येक नवें मृत्युपत्र लेखी असावें, त्यावर करणाऱ्याची सही अथवा निशाणी असावी, आणि ती पाहणाऱ्या निदान दोन साक्षीदारांनीं त्याच्यासमक्ष सह्या कराव्या, असें आवश्यक झालें. त्याला स्टँप लागत नाहीं, नोंदणीही सक्तीची नाहीं, अंगठाही चालतो. अक्षर नसणें म्हणजे अक्कल नसणें नव्हे, हें खानदेशला सांगावयास नको. बहिणाबाई चौधरींची थोरवी येथें घरोघर ठाऊक आहे, आणि त्यांना लिहितां वाचतां येत नव्हतें. पण अंगठा उठविणाऱ्याला कागद वाचून कोणीं दाखविला, आणि जें वाचलें तेंच त्यांत लिहिलें होतें काय, हा प्रश्न मात्र प्रत्येक खटल्यांत उभा राहतो.

तरीही वडिलार्जित जमिनीपुरतें मृत्युपत्र फार वर्षें निर्बळच होतें. एकत्र कुटुंबांतील आपला अविभक्त हिस्सा बापाला मृत्युपत्रानें देतां येत नाहीं, असा प्रिव्ही कौन्सिलचा १८८० चा निर्णय मुंबईच्याच एका दाव्यांत झाला होता. ही स्थिति पालटली १७ जून १९५६ रोजीं. त्या दिवशीं हिंदु वारसा कायदा अंमलांत आला. त्यानें विधवेला पूर्ण मालकी दिली, मुलीला बापाच्या हिश्श्यांत मुलाबरोबर वारस केलें. आणि त्याच कायद्याच्या तिसाव्या कलमानें बापाला आपला अविभक्त हिस्सा मृत्युपत्रानें हवा त्याला देण्याची मुभा दिली. मुलीला पुढच्या दारानें जें मिळालें तें मागच्या दारानें काढून नेण्याची सोय त्याच घरांत झाली. शेतकऱ्याच्या घरांत मृत्युपत्राचा कागद हा वादाचा विषय झाला, तो मुख्यतः यानंतर.

हिशेबानें ही गोष्ट अधिक स्पष्ट होईल. सांगलीच्या न्यायालयांतून निघालेला एका विधवेचा दावा सर्वोच्च न्यायालयापर्यंत गेला, आणि १९७८ सालीं सरन्यायाधीश यशवंतराव चंद्रचूड यांनीं त्याचा निकाल दिला. नवरा वारलेला, मागें बायको, दोन मुलगे आणि तीन मुली. मृत्यूच्या क्षणीं वांटणी झाली असें कल्पून न्यायालयानें चार हिस्से धरले : नवरा, बायको आणि दोन मुलगे. नवऱ्याचा चौथा हिस्सा मग सहा वारसांत सारखा वांटला. असेंच कुटुंब तापीकांठच्या एखाद्या गांवीं २४ एकर जमीन बाळगून आहे असें समजूं. आईला ७ एकर, दोघां मुलांना प्रत्येकीं ७, आणि तिघी मुलींना प्रत्येकीं अवघा १ एकर, असा तो हिशेब होतो. १९३७ च्या पूर्वीं हीच जमीन दोघां मुलांची असती; आईला पोटगी, आणि मुलांनीं वांटणी केलीच तर हयातीपुरता हिस्सा; मुलींना लग्नाच्या खर्चापलीकडे कांहीं नाहीं. आणि १९५६ नंतर बापानें मृत्युपत्र करून आपला चौथा हिस्सा मुलांनाच दिला असता, तर मुलींचा तो एकेक एकरही गेला असता.

महाराष्ट्रानें १९९४ सालीं, आणि सर्व देशानें ९ सप्टेंबर २००५ पासून, मुलीला जन्मतःच मुलासारखी हिस्सेदार केलें. वडील त्या तारखेस हयात होते कीं नव्हते हा प्रश्न उरत नाहीं, असें ११ ऑगस्ट २०२० रोजीं सर्वोच्च न्यायालयानें ठरविलें. २० डिसेंबर २००४ पूर्वींच्या रीतसर वांटण्या मात्र अबाधित राहिल्या. आतां वरच्याच २४ एकरांचे हिस्से बाप, आई आणि पांच मुलें असे सात होतात. बापाचा सातवा भाग सहा जणांत वांटला, कीं प्रत्येकाला बरोबर ४ एकर येतात. बापानें मृत्युपत्र केलें तरी तें त्याच्या सातव्या भागापुरतेंच; मुलीचा स्वतःचा हिस्सा त्याच्या लेखणीच्या बाहेर आहे. स्वकष्टार्जित जमीन मात्र तो हवी त्याला देऊं शकतो.

मृत्युपत्रावर वाद झाला तर न्यायालय काय पाहतें ? याविषयींचा मार्गदर्शक निर्णय १९५८ सालचा असून तो साताऱ्याचे न्यायमूर्ति प्रल्हाद बाळाचार्य गजेंद्रगडकर यांनीं लिहिला आहे. मृत्युपत्र पुढें आणणाऱ्यानेंच तें शाबीत केलें पाहिजे. सही थरथरलेली व शंकास्पद असली, करणाऱ्याचें मन दुबळें झालेलें असलें, ज्याला लाभ होतो त्यानेंच कागद करविण्यांत पुढाकार घेतलेला असला, सख्ख्या वारसांना कारणाशिवाय वगळलेलें असलें, तर त्या शंकांचें निरसन करण्याचा भार त्याच्यावरच पडतो. साक्षीदारांपैकीं निदान एकानें येऊन साक्ष द्यावी लागते. न्यायाधीशाला समाधान हवें तें इतकेंच, कीं बोलावयास जो आतां जगांत नाहीं, त्याचें हें शेवटचें बोलणें खरोखर त्याचेंच आहे.

परंतु कोर्टापर्यंत न येणारीं प्रकरणेंच अधिक, आणि तीं बहुधा बहिणींचीं असतात. आखाजीला खानदेशची लेक माहेरीं येते. झोका बांधलेला असतो, भाचरें भोंवतीं गोळा होतात. तिच्यापुढें हक्कसोडाचा कागद ठेवला जातो, तेव्हां तिला निवड करावयाची असते ती जमीन कीं पैसा यांत नव्हे. जमीन कीं माहेर, अशी ती निवड असते. बहुतेक बहिणी सही करतात. कांहीं मनापासून करतात, कारण भावाची ओढाताण त्यांनीं पाहिलेली असते. कांहीं भीतीनें करतात. कायद्याच्या दृष्टीनें दोन्ही सह्या सारख्याच दिसतात. भावानें निदान एवढें करावें, कीं कागद नोंदणीसाठीं नेण्यापूर्वीं तो तिला स्वस्थपणें वाचूं द्यावा आणि 'नाहीं' म्हणण्याची मोकळीक द्यावी. जी बहीण 'नाहीं' म्हणूं शकत होती तिच्याच 'होय'ला किंमत आहे.

कोर्टाची वाट धरली तर ती लांबची आहे. दिवाणी न्यायालय हिस्से ठरवितें. प्रत्यक्ष वांटप करण्यासाठीं हुकूमनामा कलेक्टरकडे जातो. मध्यें अपील, मग उच्च न्यायालयाचें औरंगाबाद, म्हणजे आतांचें छत्रपति संभाजीनगर, येथील खंडपीठ. वादी-प्रतिवादी मरतात, त्यांचे वारस पक्षकार होतात, आणि ज्या मळ्यासाठीं भांडण झालें तो पडीक राहतो. शासनानें २०२५ सालीं 'जिवंत सातबारा' मोहीम काढून मृतांच्या जागीं वारसांचीं नांवें लावण्याचें काम हातीं घेतलें, तें या दृष्टीनें योग्यच झालें. परंतु दप्तर शेवटीं तेंच लिहितें जें घर सांगतें. वर्दी देतांना बहिणीचें नांव सांगितलेंच नाहीं, तर तलाठ्याला तें कसें कळावें ?

म्हणून या इतिहासाचा बोध साधा आहे. कर्त्या पुरुषानें हातपाय चालत आहेत तोंवरच मुलांमुलींना एकत्र बसवून हिस्से सांगावे. मृत्युपत्र करावयाचें तर तें सर्वांना ठाऊक असलेलें, आपल्या हिश्श्यापुरतें आणि दोन नि:स्पृह साक्षीदारांसमोर करावें. कोणाला कमी दिलें असल्यास त्याचें कारण त्यांत लिहावें. मरणानंतर वर्दी देतांना सर्व वारसांचीं नांवें द्यावीं. जुन्या महजरावर नांगराची निशाणी काढणाऱ्या पाटलाला अक्षर येत नव्हतें, पण निशाणी काढतांना सारा गांव पाहत असे, त्यामुळें खोटें सांगण्याची त्याला लाज वाटे. आज साक्षर हातांनीं, बंद दाराआड जे कागद होतात त्यांना ती लाज उरलेली नाहीं. ती परत आली, तर खानदेशांतील निम्मे दावे ओसरीवरच मिटतील.